अकोल्याच्या मुक्कामी भाकर आणि भेदरं

दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशी अकोल्याला धम्म मेळावा भरतो. त्यासाठी आम्ही उभयता अमरावतीहून निघालो. बडनेऱ्यास गाडीत पाय ठेवायला जागा नव्हती. निळे झेंडे, पांढरी लुगडी आणि जिच्या-तिच्या मांडीवर भाकरीचे गाठोडे. मूर्तिजापूर आले तशी आम्हांस गाडगेबाबांची आठवण झाली. याच तालुक्यात दापुऱ्याला मामाच्या घरी ते वाढले, आणि पुढे ज्या गावी गेले तेथे आधी झाडू मारला, मगच भाकर घेतली.

मेळावा आटोपून रात्री मावशींकडे मुक्काम केला. सकाळी गाठोडे सोडले, तर ज्वारीच्या चार भाकरी उरलेल्या. मावशींची नात पुण्याला एका हॉटेलच्या मुदपाकखान्यात काम करते. ती म्हणाली, "टाकू नका, याचा इटलीचा प्रकार करून दाखवते."

इटलीत तोस्काना नावाचा प्रांत आहे. तेथील शेतकरी-मजूर शिळा पाव पाण्यात भिजवून पिळतात आणि त्यात टमाटे, कांदा, तेल, व्हिनेगर घालून खातात. त्यास पान्झानेल्ला म्हणतात. टमाटे तिकडे अमेरिकेतून आले, तेही उशिराच. त्याआधी सोळाव्या शतकातल्या ब्रोंझिनो या चित्रकाराने आपल्या कवितेत अशा कोशिंबिरीचे वर्णन केले आहे. त्यात कांदा, काकडी आणि चक्क आपली घोळाची भाजी आहे! घोळ म्हटले की आपल्याकडे नाक मुरडणारे पुष्कळ आहेत, त्यांनी हे वाचावे.

पण मावशी चुलीजवळून उठून आल्या. "माह्या घरात शिये तुकडे नाई चालत. इटलीचे असो की कोठचे."

नात हिरमुसली. आम्ही मात्र गप्प झालो. मावशींच्या सासूने गावकीच्या कामापोटी घरोघर फिरून भाकरीचे तुकडे टोपल्यात गोळा केले होते. १९ आणि २० मार्च १९२७ रोजी महाडच्या परिषदेत बाबासाहेबांनी मेलेल्या जनावराचे मांस आणि उष्टे-शिळे तुकडे सोडा म्हणून सांगितले. त्याच वर्षी १३ नोव्हेंबरला त्यांच्या अध्यक्षतेखाली अमरावतीत वऱ्हाड प्रांतिक अस्पृश्य परिषद भरली. सासूबाईंनी टोपले चुलीत घातले ते त्यानंतर, असे मावशी सांगतात. आता ज्वारी आपली, चूल आपली, मग आपलीच कालची भाकर खाल्ली तर काय बिघडले, असे नातीचे म्हणणे. तिचेही खोटे नव्हते. पण टोपले तिने पाहिलेले नाही.

शेवटी मावशींनीच तोड काढली. परात ओढली आणि दोन ताज्या भाकरी थापल्या. "कर आता यायचं."

ज्वारीला गव्हासारखा चिकटपणा नसतो. पाण्यात घातली की तिचा लगदा होतो. म्हणून नातीने भाकर भिजवलीच नाही. मंद तव्यावर उलटीपालटी करून कडक केली. ताज्या भाकरीस वेळ फार लागतो, चांगला अर्धा तास गेला. चार पिकलेली भेदरं (शहरात टमाटे म्हणतात ते), एक कांदा, अर्धी काकडी चिरून, मीठ लावून ती तेवढा वेळ बाजूला ठेवली. मिठाने सुटलेले पाणी मुळीच फेकायचे नाही, खरी चव त्यातच असते. त्यात अर्धे लिंबू पिळले, घाण्याचे करडीचे तेल दोन चमचे, एक हिरवी मिरची आणि तिकडच्या तुळशीसारख्या पाल्याऐवजी मूठभर सांबार घातला. भाकरीचे तुकडे अगदी शेवटी मिसळले आणि पाच मिनिटांत खायला बसलो. उशीर केला तर कुरकुरीतपणा जातो.

मावशींनी आधी बोटाने रस चाखला, मग थाळी पुढे केली. "मीठ कमी हाय," म्हणाल्या, आणि दुसऱ्यांदा घेतले.

त्या चार भाकरी आमच्या गाठोड्यात तशाच राहिल्या. परतीच्या गाडीत बोरगाव गेल्यावर आम्ही दोघांनी त्या ठेच्यासोबत खाल्ल्या. मावशींना हे अजून सांगितलेले नाही.