न छापलेला प्रश्न

आमच्या धर्मग्रामाच्या रौप्यमहोत्सवी स्मरणिकेसाठी आम्ही दोघे-तिघे एकदा कॅमेरा घेऊन मुलुंडच्या एका झोपडपट्टीत गेलो होतो. दर रविवारी मिस्साला जाताना तिच्याच कडेने आमची वाट जाई. आत पाऊल मात्र त्या दिवशी प्रथमच पडले. नळावरच्या रांगेतल्या एका बाईने हंडा खाली ठेवून विचारले, "फोटो काढल्यावर पाणी येईल का?" आम्ही ओशाळून हसलो. फोटो छापला, तिचा प्रश्न छापला नाही.

पुढे आनंद पटवर्धन यांचा 'बॉम्बे अवर सिटी' अर्थात 'हमारा शहर' हा 1985 सालचा माहितीपट पाहण्यात आला आणि ती बाई पुन्हा समोर उभी राहिली. ज्यांनी या शहराच्या इमारती उभारल्या, त्यांच्याच झोपड्या पाडल्या जात असतानाचे हे चित्रण. त्यात एक स्त्री कॅमेरावाल्यांवरच उखडते. गरिबांची चित्रे काढून तुमचे नाव होईल, आमच्या पदरात काय पडणार, असा तिचा रोख. कोणीही शहाणा माणूस तेवढी फीत कापून टाकील. (आम्ही तेच केले नव्हते काय?) पटवर्धनांनी ती ठेवली. हा माहितीपट दूरदर्शनवर दाखवला जावा म्हणून त्यांना पुढे न्यायालयात झगडावे लागले, ही गोष्ट निराळी.

याच माहितीपटात शाहीर विलास घोगरे गातात. ते मुलुंडचेच, म्हणजे आमच्याच उपनगरातले. आम्हांला मात्र त्यांचे नावही ठाऊक नव्हते. 11 जुलै 1997 रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्याची विटंबना झाली, लोक रस्त्यावर आले आणि राज्य राखीव पोलिसांच्या गोळीबारात दहा माणसे मरण पावली. चौथ्या दिवशी घोगरे यांनी डोक्याला निळे फडके बांधून आपल्या घरात जीवन संपवले. गाडीने जेमतेम वीस मिनिटांच्या अंतरावरची ती बातमी आम्ही वाचली होती आणि पान उलटले होते.

पटवर्धन मात्र कॅमेरा घेऊन निघाले आणि 14 वर्षे चित्रण करीत राहिले. मृतांच्या घरच्यांकडे गेले, खटल्याचा मागोवा घेतला, शाहिरांची गाणी ऐकली, पुण्याच्या कबीर कला मंचाच्या तरुण कलावंतांपर्यंत पोहोचले. त्यातून 2011 साली तीन तासांहून अधिक लांबीचा 'जय भीम कॉम्रेड' तयार झाला. एका गायकाचा मृत्यू समजून घ्यायला एवढा काळ लागतो, हे आम्हांला एका दुपारीत स्मरणिकेचे काम उरकताना कुठून उमगणार?

परवा ती स्मरणिका शोधून काढली. देणगीदारांची नावे चार पाने आहेत, एकही चुकलेले नाही. नळावरच्या बाईच्या फोटोखाली 'पाण्यासाठी रांग' एवढेच लिहिले आहे. तिचे नाव आम्ही विचारलेच नव्हते.