कार्बॉक्सी

'भांग' या शब्दाचं मराठीत बरं आहे. तो भांग केसांत पडतो आणि ती भांग डोक्यात चढते. लिंगावरून लगेच कळतं की कुठली गोष्ट चालली आहे. रसायनशास्त्रात ही सोय नाही. तिथे एकच शब्द दोन ठिकाणी येतो, दोन्ही ठिकाणी सारखाच दिसतो आणि अर्थ मात्र जवळजवळ उलटा. 'कार्बॉक्सी' हा तसला शब्द. गेल्या वर्षापासून तो माझ्या डोक्यातून जात नाहीये, म्हणून एकदाचा लिहून मोकळी होते.

आधी शब्द कुठून आला ते सांगते. आमच्या मोशीच्या घराच्या वरच्या मजल्यावर चार मुलं भाड्याने राहतात. चौघंही लातूरकडची, चौघंही चाकणला कामाला. चाकण म्हणजे नुसतं म्हणायचं, कोणी म्हाळुंग्याला, कोणी खराबवाडीला, कोणी निघोज्याला. पहाटे साडेपाचला नाशिक रस्त्यावर बस पकडायला पळतात, आणि संध्याकाळी तळेगाव चौकातल्या गर्दीला शिव्या देत परत येतात. त्यातला एक फोर्कलिफ्ट चालवतो. म्हणजे चालवायचा. काँट्रॅक्टरमार्फत, एका मोठ्या कारखान्यात (नाव कशाला घ्या). २०२५ च्या मार्चमध्ये, धुळवडीनंतरच्या सोमवारी, गेटवर अचानक लघवीची तपासणी झाली. मंगळवारी त्याचा गेटपास अडकवला. बुधवारी तो कागद घेऊन माझ्या दारात.

"काकू, तुम्ही लॅबमधी हाव ना? मी तर पिऊन गेलोच नव्हतो. मग हे काय म्हणायलंय?"

मी भोसरीत रंगाच्या प्रयोगशाळेत काम करते. लघवीशी आमचा संबंध नाही, पण सेंद्रिय रसायनात एम. एस्सी. केलेली बाई बिल्डिंगमध्ये एकच असली की सगळे कागद तिच्याकडे येतात. कागदावर मोठ्या अक्षरांत 'टीएचसी : पॉझिटिव्ह' आणि 'कट-ऑफ ५० नॅनोग्रॅम प्रति मिलिलिटर'. खाली अगदी बारीक अक्षरांत 'शोधलेला घटक : ११-नॉर-९-कार्बॉक्सी-डेल्टा-९-टीएचसी'. वरची ओळ सगळ्यांनी वाचली होती. खालची कोणीच नाही. आणि सगळी गंमत (त्याच्यासाठी गंमत नव्हे) त्या खालच्या ओळीत होती.

(रसायनाचा कंटाळा असेल तर पुढचे दोन-तीन परिच्छेद दम धरा. पुढे परत माणसं आहेत.)

गांजाच्या ताज्या झाडात टीएचसी जवळजवळ नसतंच. असतं ते टीएचसीए. त्यातला शेवटचा 'ए' म्हणजे ॲसिड, आम्ल. टीएचसीच्या रेणूला एक कार्बॉक्सिल गट चिकटलेला असतो, एक कार्बन, दोन ऑक्सिजन, एक हायड्रोजन. व्हिनेगरला आंबट करतो तोच गट. तो चिकटलेला आहे तोवर नशा नाही. ओलं पान कच्चं चावलं तर तोंड कडू होईल, बाकी फारसं काही नाही. उष्णता दिली की हा गट कार्बन डायऑक्साइड होऊन उडून जातो आणि उरतं ते टीएचसी. या क्रियेला डीकार्बॉक्सिलेशन म्हणतात. चिलमीच्या विस्तवात ती क्षणात होते. भट्टीत सव्वाशे अंशांच्या आसपास अर्धा-पाऊण तास लागतो. पान नुसतं वाळवून ठेवलं तरी हळूहळू, थोडीथोडी होत राहते. उष्णता फार झाली तर मात्र टीएचसीच मोडायला लागतं.

आता बघा, जुन्या लोकांना रेणू माहीत नव्हता, पण तवा माहीत होता. आयुर्वेदात भांगेला विजया म्हणतात आणि औषधात घालण्याआधी तिचं शोधन सांगतात, त्यात धुणं-वाळवणं आहे आणि गायीच्या तुपात परतणंही आहे. त्यांचा हेतू दोष काढण्याचा. पण तुपात परतल्याने आमच्या भाषेत दोन कामं होतात, कार्बॉक्सिल उडतो आणि टीएचसी चरबीत विरघळणारं असल्याने तुपात उतरतं. शोधन म्हणायचं आणि नेमकी नशाच मोकळी करायची, असं कोणी म्हणेल. मला तसं वाटत नाही, मात्रा ठरवायची तर आधी मोजता येईल असं काहीतरी हातात यायला हवं. असो.

रेणूची रचना फार उशिरा सुटली. मॉर्फिन १९ व्या शतकाच्या सुरुवातीलाच वेगळं झालं होतं, पण टीएचसीची रचना नीट ठरली ती १९६४ साली, इस्रायलमध्ये, राफाएल मेशुलम आणि येहिएल गाओनी यांच्या हातून. मेशुलमनी त्यासाठी पोलिसांकडून पाच किलो हशीश मिळवलं होतं आणि ते चक्क बसमधून प्रयोगशाळेत नेलं होतं. (आपल्याकडे राजगुरुनगर-भोसरी बसमध्ये कोणी असं पोतं घेऊन चढलं तर काय होईल, कल्पना करून बघा.) २०२३ मध्ये ते वारले.

टीएचसीएचं रेणुभार साधारण ३५८, टीएचसीचं ३१४. मधले ४४ म्हणजे उडून गेलेला कार्बन डायऑक्साइड. म्हणून प्रयोगशाळा 'एकूण टीएचसी' काढताना टीएचसीएच्या आकड्याला ०.८७७ ने गुणतात. हा गुणाकार करायचा की नाही यावर अमेरिकेत अख्खा बाजार उभा राहिला. २०१८ च्या तिथल्या शेती कायद्यात मर्यादा घातली ती डेल्टा-९ टीएचसीची, ०.३ टक्के. मग लोक टीएचसीएने भरलेली फुलं कायदेशीर म्हणून विकू लागले. काडी लावली की 'ए' गेला! २०२५ च्या नोव्हेंबरमध्ये त्यांना व्याख्या बदलून ही फट बुजवणारा कायदा करावा लागला. एका अक्षराची किंमत.

तर हा झाला पहिला कार्बॉक्सिल. झाडातला. तो गेला की चढते.

दुसरा आपल्या शरीरात येतो. टीएचसी पोटात गेलं की यकृत त्याला हात लावतं. रेणूच्या दुसऱ्या एका कोपऱ्यावर एक मिथिल गट आहे, यकृत त्याचं आधी अल्कोहोल करतं (११-हायड्रॉक्सी, हेही नशा देतं आणि भांग खाल्ल्यावर जास्त तयार होतं, म्हणून ती उशिरा चढते आणि चढली की उतरता उतरत नाही), आणि मग त्याच जागी कार्बॉक्सिल गट करून टाकतं. हे झालं कार्बॉक्सी-टीएचसी. यात नशा नाही. दारूचं शरीरात शेवटी ॲसेटिक आम्ल होतं, म्हणजे व्हिनेगरमधलंच, तसंच हे. कोणाच्या अंगात व्हिनेगर सापडलं म्हणून त्याला आत्ता पिऊन आलाय म्हणता येईल का? पण दारूचं ते आम्ल शरीर चटकन वापरून टाकतं, आणि फुंकणीच्या यंत्रात आपण दारूच मोजतो. टीएचसीची गोष्ट वेगळी. ते चरबीत जाऊन बसतं, तिथून थेंबाथेंबाने बाहेर येतं, आणि लघवीत जे उतरतं ते मुख्यतः हे कार्बॉक्सी. एखाद्या वेळेला घेणाऱ्याच्या लघवीत काही दिवस, रोजच्या माणसाच्या लघवीत काही आठवडे.

म्हणजे लघवीची तपासणी राख शोधते. विस्तव नाही. विस्तव कधी होता, केवढा होता, सोमवारी सकाळी सात वाजता होता का, यातलं काहीच ती सांगत नाही. सांगण्याचा तिचा दावाही नाही, बारीक अक्षरांत तसं लिहिलेलं असतं.

हे सगळं मी त्याला सांगितलं, जरा सोपं करून. तो ऐकत होता. मग म्हणाला, "म्हणजे शुक्रवारचं सोमवारी दिसलं."

शुक्रवारी, धुळवडीला, मित्राच्या खोलीवर थंडाई झाली होती. दोन ग्लास. हे त्याने मला सांगितलं ते मी खरं धरते. पण खरं सांगायचं तर कागदावरून तेही सिद्ध होत नाही. त्याने रविवारी रात्री गांजा ओढला असता तरी खाली तीच ओळ आली असती. कायदा मात्र दोन्हींत फरक करतो. १९८५ च्या अमली पदार्थांच्या कायद्यात गांजा म्हणजे झाडाचे फुला-फळांचे शेंडे, शेंड्यांशिवायची पानं आणि बिया त्यातून वगळल्या आहेत. भांग पानांची, म्हणून त्या व्याख्येबाहेर राहिली आणि राज्यांवर सोपवली गेली. लगेच खूश व्हायला नको, महाराष्ट्रात १९४९ च्या दारूबंदी कायद्याखाली परवान्याशिवायच्या भांगेलाही मनाई आहे, हेही त्याला सांगितलं. त्याचा चेहरा पडला. पण झाडाचा कुठला भाग होता हे कायद्याला कळतं, लघवीला कळत नाही. तिच्यापर्यंत पोचेस्तोवर पान आणि शेंडा एकच झालेले असतात.

इथे मला वडील आठवतात. ते पिंपरीच्या हिंदुस्थान अँटिबायोटिक्समध्ये होते. ही कंपनी १९५४ साली सरकारने काढली, मोटारींची पिंपरी-चिंचवड त्यानंतरची, आधी इथे पेनिसिलीन होतं. पेनिसिलीन 'युनिट'मध्ये मोजतात हे मला शाळेत असताना फार विचित्र वाटायचं. ग्रॅम असताना युनिट कशाला? तेव्हा त्यांनी समजावलं होतं. जिवाणू वाढवलेल्या थाळीत औषध ठेवायचं आणि त्याच्याभोवती किती रुंद जागा जिवाणूंपासून मोकळी होते ते मोजायचं. म्हणजे किती आहे यापेक्षा काय करतं याचं माप. ते म्हणायचे की बाटलीत मेलेलं पेनिसिलीनही वजनाला भरतं. चाकणच्या त्या कागदाकडे बघताना मला तेच वाक्य ऐकू येत होतं.

आता दुसरी बाजूही लिहायलाच हवी, नाहीतर ते अप्रामाणिक होईल. फोर्कलिफ्ट म्हणजे खेळणं नाही. दीड टनाचं पॅलेट उचलून, मागे बघत, माणसांच्या मधून न्यायचं असतं. भांग घेतलेला माणूस वरून शांत दिसतो, आणि वेळ नि अंतर यांचा त्याचा अंदाज चुकलेला असतो. सेफ्टीवाल्यांनी डोळे मिटून बसावं असं मी कधीच म्हणणार नाही. अपघात झाला की आधी त्यांच्याच गळ्याला फास. त्यांना एक स्वस्त, झटपट, सहीशिक्क्याचा कागद हवा असतो आणि बाजारात तो मिळतो. माझं म्हणणं इतकंच, की त्या कागदाला जो प्रश्न कळतो तोच त्याला विचारा. आज हा माणूस गाडी चालवण्याच्या स्थितीत आहे का, हा त्याचा प्रश्नच नाही. त्यासाठी लाळेची तपासणी जास्त जवळची, कारण तिथे मूळ टीएचसी शोधतात आणि तिचा काळ साधारण काही तासांपासून एखाद-दोन दिवसांचा असतो. तीही नशेचं माप नव्हेच. आणि शिफ्ट सुरू होताना सुपरवायझरने माणसाशी दोन मिनिटं बोलणं, हे तर फुकट आहे. पण त्याचा कागद होत नाही ना.

मी त्याला अर्धं पान लिहून दिलं, मराठीत. पहिल्या तपासणीतलं पॉझिटिव्ह हे चाळणीसारखं असतं, ते दुसऱ्या, नेमक्या पद्धतीने पक्कं करायची रीत आहे, त्या वेळी कट-ऑफ साधारण १५ धरतात, आणि पक्कं झालं तरी त्यातून कामावर असतानाची नशा ठरत नाही. शेवटी माझं नाव, शिक्षण, सही. काँट्रॅक्टरच्या ऑफिसात ते कोणीतरी वाचलं म्हणे. पक्क्या तपासणीचे पैसे कोण देणार, इथे गाडी अडली. शेवटी तपासणी झालीच नाही. बारा दिवसांनी साधी चाचणी परत केली, ती निगेटिव्ह आली. तोवर त्याच्या जागी दुसरा मुलगा बसला होता.

निगेटिव्हचा कागदही तो दाखवायला घेऊन आला होता. "आता शून्य हाय ना काकू?"

शून्य नव्हे, ५० च्या खाली, मी म्हटलं. ४९ असलं तरी हेच लिहून येतं. तो हसला, पहिल्यांदाच.

सध्या तो तळेगावला एका गोदामात आहे. फोर्कलिफ्ट नाही, हाताने ओढायची ट्रॉली. पगारात तीन हजारांचा फरक पडला. घरी अजून सांगितलेलं नाही.