भुयारातील मुले

एडेट बेल्झबर्ग यांचा २००१ सालचा ‘चिल्ड्रन अंडरग्राउंड’ हा अनुबोधपट आज पाहिला. बुखारेस्टच्या पियात्सा व्हिक्टोरिएइ या भुयारी रेल्वे स्थानकात पुठ्ठ्यांवर निजणारी आणि प्लास्टिकच्या पिशवीत ओतलेल्या रुपेरी रंगाचा दर्प हुंगून क्षुधा विसरणारी पाच मुले त्यात आहेत. १९६६ साली रोमानियाचा हुकूमशहा चाउशेस्कू याने फर्मान काढून गर्भपातास बंदी केली, अनाथालये भरली. १९८९ साली तो गेला, परंतु दारिद्र्य आणि दुभंगलेली घरे मागे राहिली, आणि हुकूमशहांच्या हिशेबाची बाकी नेहमीप्रमाणे अज्ञानांच्याच नावे पडली. एका मुलीस मारहाण होत असता कॅमेरा ढळत नाही. कृती असामान्य खरी. तरी ते ताटस्थ्य मला मंजूर नाही.