चिमीच्या वाढदिवसाआधी

नाशिक, फेब्रुवारी

चि. सौ. छकुली हिस,


चिमीच्या पाचव्या वाढदिवसाचा सगळा बेत तू व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवलास. सोसायटीचा हॉल, फुग्यांची कमान, खोई बॅग, धुरातून एन्ट्री, बागेत जंपिंग आणि तीस मुलं. वाचून आनंद झाला, पण काळजीही वाटली. फोनवर अर्धं राहून जातं, म्हणून सविस्तर लिहिते. जावईबापूंनाही वाचायला दे.

माझी सगळी नोकरी मुलांच्या कॅज्युअल्टीत गेली, हे तुला माहीतच आहे. वाढदिवसाहून थेट आमच्याकडे आलेल्या मुलांबरोबर पाच-सहा मोठी माणसं असायची. ‘कसं झालं?’ म्हणून विचारलं की सगळे एकमेकांच्या तोंडाकडे बघायचे. आई फोटो काढून घेत होती, बाबा दारात पाहुण्यांना ‘या या’ करत होते, आजी डिश भरत होती. एवढी माणसं आहेत, कुणाचं तरी लक्ष असेलच, असं प्रत्येकाला वाटत होतं.

तेव्हा सजावटीच्या आधी माणसं ठरव. दोन माणसं, नावानिशी, अर्ध्या अर्ध्या तासाच्या पाळीनं. त्या वेळात त्यांच्या हातात फोन नको, डिश नको, पाहुण्यांशी गप्पा नकोत. नजर फक्त मुलांवर. तुझे धाकटे दीर, समोरच्या काकू, जावईबापूंचा एखादा मित्र, कुणीही चालेल. पण ‘आत्तापासून साडेसहापर्यंत तुमच्याकडे’ असं तोंडावर सांगायचं. आणि हे काम कामाच्या ताईंच्या गळ्यात घालू नकोस. खरकटं उचलणं, ग्लास भरणं आणि वर तीस मुलं सांभाळणं, एवढं एका बाईकडून होत नाही. काही झालं तर बोल मात्र तिलाच लागतो. हे मी पाहिलंय आणि मला ते फार लागलंय.

आता फुगे. आगीला सगळे भितात, फुग्याला कुणी भीत नाही, म्हणून आधी त्याचंच लिहिते. फुटलेल्या फुग्याचा तुकडा ओठांवर ताणून आत ओढायचा, त्याची छोटी फुगी करून पिळायची आणि कुणाच्या तरी कपाळावर फोडायची, हा खेळ तूही खेळली आहेस. त्या ओढण्यात तुकडा सटकला तर थेट घशात जातो. चणा किंवा मणी अडकला तर कधी कधी बाजूनं थोडी हवा जाते. रबर मऊ असतं, ते श्वासनलिकेच्या तोंडावर पडद्यासारखं चिकटतं आणि मूल श्वास घ्यायला जाईल तसं आणखी घट्ट बसतं. अमेरिकेत फुग्यांच्या पाकिटावर आठ वर्षांखालच्या मुलांसाठी इशारा छापावा लागतो, तो याचसाठी. कमान हवी तर उंचावर बांध. फुगा फुटला की तुकडे लगेच उचलायचे, हेही त्या पाळीवाल्याचं काम. न फुगवलेले फुगे मुलांच्या हाती नकोतच.

घास अडकलेलं मूल ओरडत नाही, छकुली. आवाजच फुटत नाही. डोळे मोठे होतात, हात गळ्याकडे जातो, ओठ काळेनिळे पडू लागतात, आणि शेजारी गाणं चालूच असतं. मूल जोरानं खोकत असेल तर खोकू दे. पाणी पाजू नको, उलटं टांगू नको, घशात बोटं घालू नको, त्यानं वस्तू आणखी आत जाते. खोकला येत नसेल, आवाज बंद असेल, तर त्याला पुढे वाकव आणि दोन खवाट्यांच्या मधोमध तळव्याच्या टाचेनं पाच जोरदार थापा दे. नाही निघालं तर मागे गुडघ्यावर बस, एक मूठ बेंबीच्या वर आणि छातीच्या हाडाच्या खाली ठेव, दुसऱ्या हातानं ती धर आणि आत-वर असे पाच झटके दे. पुन्हा पाच थापा, पुन्हा पाच झटके, वस्तू बाहेर पडेपर्यंत. वर्षाच्या आतलं बाळ असेल तर पोट दाबायचं नाही. त्याला हातावर पालथं, डोकं खाली करून थापा द्यायच्या, मग उताणं करून छातीच्या मधल्या हाडावर दाब द्यायचा. मूल शुद्ध हरपून लुळं पडलं तर जमिनीवर आडवं करून छाती दाबायला आणि तोंडानं श्वास द्यायला सुरुवात करायची, आणि दुसऱ्यानं १०८ लावायचा. तोंडात वस्तू दिसली तरच काढायची. पोटाला झटके दिले असतील तर मूल नंतर हसतखेळत असलं तरी डॉक्टरांना दाखवायचं. हे वाचून जमत नाही. मी आले की जावईबापूंना उशीवर करून दाखवीन.

खाण्यातही हेच बघ. अख्खे शेंगदाणे, पॉपकॉर्न, कडक गोळ्या आणि त्या कपातल्या गुळगुळीत जेली चार-पाच वर्षांच्या मुलांना नकोत. द्राक्षं मी इथून आणणारच आहे, पण ती उभी चिरून, एकेकीचे चार तुकडे करून ठेवायची. आणि खायचं ते बसून. खोई बॅग मला मुळीच पसंत नाही. वर टांगलेली ती खाऊ-खेळण्यांची पिशवी फुटली की आठ वर्षांचा दांडगा आणि दोन वर्षांचं शेंडेफळ एकाच ढिगावर तुटून पडतात, आणि त्या ढिगात गोळ्या, शिट्ट्या, गोट्या असतात. त्यापेक्षा प्रत्येकाच्या हातात एकेक पुडी दे. रिटर्न गिफ्टला दिव्याची अंगठी किंवा वाजणारं खेळणं घेणार असशील तर आतला चपटा सेल स्क्रूनं बंद आहे ना, ते बघ. तो गिळला आणि अन्ननलिकेत अडकला तर दोन तासांत आतून भाजतं. उलटी करवायची नाही, वाट बघायची नाही, सरळ मोठ्या हॉस्पिटलात एक्स-रेला न्यायचं. मूल वर्षाच्या वरचं असेल तर वाटेत दर दहा मिनिटांनी दोन चमचे मध द्यावा, पण मधासाठी निघायला उशीर करू नये.

आता आग. चिमीचं औक्षण झालंच पाहिजे, पण निरांजनाचं तबक खाली टीपॉयवर विसरू नकोस. जाळीचे घेरदार नायलॉनचे फ्रॉक क्षणात पेटतात आणि कापड वितळून कातडीला चिकटतं. औक्षण झालं की तबक उंच फळीवर. केकवर साध्या मेणबत्त्या पुरेत, आणि स्नो स्प्रे घरात आणूच नका. त्या डब्यातला फेस बाहेर ढकलणारा गॅस बहुधा ज्वालाग्राही असतो, आणि तो मारतात नेमका मेणबत्ती पेटलेली असताना, मुलाच्या तोंडावर. उडणारे फुगे हवेत म्हणून फुगेवाला बोलावू नकोस. हेलियम महाग, म्हणून पुष्कळ जण लोखंडी टाकीत कॉस्टिक सोडा आणि अ‍ॅल्युमिनियम टाकून हायड्रोजन करतात. २०२० साली चेन्नईत एका नेत्याच्या वाढदिवसाच्या कार्यक्रमात असेच फुगे पेटले आणि बरेच लोक भाजले. पंपानं हवा भरलेले फुगे खाली राहतील, राहू देत.

कपड्यानं पेट घेतलाच तर मुलाला पळू द्यायचं नाही. आडवं पाडून लोळवायचं, जाड सुती चादर गुंडाळायची. मग भाजल्या जागेवर नळाचं साधं पाणी, पूर्ण वीस मिनिटं घड्याळ लावून. टूथपेस्ट, हळद, शाई, बर्फ यातलं काहीही नाही. चिकटलेलं कापड ओढायचं नाही. स्वच्छ कापड सैल झाकून हॉस्पिटल गाठायचं.

हॉल बघायला जाशील तेव्हा दुसरं दार उघडून बघ. उघडतंय का, त्याच्यामागे खुर्च्यांची चळत तर नाही ना? मुंबईत कमला मिलच्या आवारात २९ डिसेंबर २०१७ रोजी मध्यरात्रीनंतर आग लागली, १४ जण गेले. वाढदिवस साजरा करायला आलेली एक तरुणीही त्यांत होती. पुष्कळ जण बाहेर पडण्याऐवजी स्वच्छतागृहाकडे गेले आणि तिथे धुरानं गुदमरले. तू गेम झोनचाही विचार करत होतीस ना? राजकोटला २५ मे २०२४ रोजी ऐन सुट्टीत गेम झोन जळून २७ जण गेले, त्यांत मुलं होती. अशा जागी बुकिंगआधी बाहेर पडायच्या वाटा आपल्या डोळ्यांनी बघाव्यात.

धुराची एन्ट्री रद्द कर. तो धूर बहुधा ड्राय आइसचा असतो, आणि त्या बर्फाचं तापमान उणे ७८ अंश. छत्तीसगडात २०२४ साली एका लग्नात लहान मुलानं ड्राय आइस साधा बर्फ समजून खाल्ला आणि ते दगावलं. हवेच्या किल्ल्यातलं जंपिंग ठेवायचं तर एका वेळी एकाच वयाची मुलं सोड, दोर जमिनीत पक्के बांधून घे, आणि वारा सुटला तर ताबडतोब बंद कर. ऑस्ट्रेलियात टास्मानियातल्या डेव्हनपोर्टला डिसेंबर २०२१मध्ये शाळेच्या कार्यक्रमात वाऱ्यानं असा हवेचा किल्ला उचलला आणि सहा मुलं गेली.

केकात तोंड दाबायची जी टूम निघाली आहे, ती आपल्या घरात नको. थरांच्या केकमध्ये आधाराला काड्या खुपसलेल्या असतात, त्या डोळ्यात जातात. धावपळीत आपटून एखाद्या सात-आठ वर्षांच्या मुलाचा पक्का दात पडला तर तो मुळाला हात न लावता उचल, थंड दुधात टाक आणि तासाभरात डेंटिस्टकडे ने. दुधाचा दात असेल तर परत बसवायचा नसतो. डोकं आपटल्यावर मूल पुन्हा पुन्हा ओकलं, गुंगीत जाऊ लागलं किंवा नाका-कानातून पाणी आलं तर केक कापायचा राहिला तरी चालेल, आधी हॉस्पिटल. पार्टी सुटताना गाड्या मागे घेतल्या जातात, तेव्हा मुलं पार्किंगमध्ये नसावीत.

आमंत्रणाच्या मेसेजमध्ये उद्याच एक ओळ घाल, की मुलाला शेंगदाणा, काजू, अंडं, दूध यातलं काही सोसत नसेल तर कळवा. कुणी काय कळवलं ते मला गुरुवारपर्यंत सांग. त्यावरून मी लाडू दाण्याचे करायचे की चुरमुऱ्याचे, ते ठरवते.

तुझी,
मावशी