बातादचीं भातखाचरें

फिलिपाइन्समधील लुझॉन बेटाच्या उत्तर भागांत इफुगाव लोकांचा डोंगराळ मुलूख आहे. तेथील बाताद गांवीं जाणारानें वाटाड्या बरोबर घ्यावा. शेवटची मजल पायींच करावी लागते. खिंड उतरूं लागतांच अर्धवर्तुळाकार डोंगरांत पायऱ्यापायऱ्यांनीं रचलेलीं भातखाचरें समोर येतात. अरुंद बांधांवरून एकामागून एक, तोल सांभाळीत चालावें. मग उभ्या पायऱ्या उतरून टप्पियाच्या धबधब्याशीं विसांवा घ्यावा.

ह्या शोभेचें मर्म माथ्यावर आहे. तेथें कुटुंबें आपापलें रान राखतात. त्यास 'मुयोंग' म्हणतात. रानांत मुरलेलें पाणी खाचरामागून खाचर भिजवीत उतरतें. वरचा बांध ढासळला, कीं खालच्याचेंहि पीक बुडालें, हें कोंकणांतील वाचकांस सांगावयास नको. जुन्या रिवाजाप्रमाणें उत्तम खाचरें वडील अपत्यास मिळतात, मग तो मुलगा असो वा मुलगी.

युनेस्कोनें १९९५ सालीं ह्या खाचरांस जागतिक वारसा ठरविलें. परंतु तरुण मंडळी शहराकडे गेली, बांध ढासळूं लागले, आणि २००१ पासून २०१२ पर्यंत त्यांची गणना संकटग्रस्त वारशांत झाली. यादींतून नांव निघालें, तरी बांधाची डागडुजी दरसाल करावीच लागते. ती करणारे हात घरीं राहतील काय, हाच खरा प्रश्न होय.