लाकडाची गौर

गेल्या चैत्रापासून माझा उजवा हात थरथरतो. काचेखालचा दिवा लावून कागदावर पेन्सिल टेकवली की रेघ मुंगीसारखी वळवळते. ओढणीत, उंटाच्या झुलीत ते खपून जातं. जयपूरला चैत्रात मिरवणाऱ्या गणगौरीच्या चेहऱ्यात खपत नाही. ती लाकडाची. भोई तिला खांद्यावर घेऊन त्रिपोलिया दरवाजातून निघतात तेव्हा सगळा रस्ता हलतो, तिच्या चेहऱ्यावरची रेघ हलत नाही. माझ्या चित्रांत मात्र ती श्वास घ्यायला लागली.

माझ्या ॲनिमेशनमध्ये सेकंदाला १२ चित्रं, तुकडा ८ सेकंदांचा, म्हणजे ९६ चेहरे. तीनदा काढले. दोष हाताला देत राहिले, पण चूक डोळ्याचीही होती. भोयाचा खांदा खचला की मी गौरीची मान एक चित्र उशिरा खाली आणत होते. माणसाची मान तशी येते. लाकूड पालखीबरोबरच खचतं. मागे राहते ती नथ, आणि तिच्याही मागे ओढणीचं टोक.

हे मला ठाऊक असायला हवं होतं. आमच्याकडे महाराष्ट्रात गणगौरीच्याच दिवशी, चैत्र शुद्ध तृतीयेला, चैत्रगौर झोपाळ्यात बसते. आंब्याची डाळ वाटून होईपर्यंत मी तिला झोके द्यायचे. पितळी मूर्ती झोपाळ्यासोबत जायची, गळ्यातला मोगरा मागून यायचा.

हंगेरीच्या मार्सेल यांकोविचच्या १९७४च्या ‘सिसिफस’ या ॲनिमेशनपटात रेघ चित्रागणिक बदलते, पण तिथे धोंडा ढकलणारा माणूस आहे, त्याच्या रेघेने धापा टाकाव्यातच. हल्ली संगणकावर गणगौर करणारे तिला हसवतात, शेजारी तिचा नवरा ईसरही उभा करतात. जयपूरच्या सवारीत गौर एकटी निघते. एवढंही ज्यांनी पाहिलं नाही त्यांनी तिला हात लावू नये, असं मला वाटतं.

माझी विद्यार्थिनी म्हणाली, “दीदी, चेहरा एकदाच काढू, तोच सगळीकडे ठेवू.” पद्धत जुनीच आणि बरोबर. मी नाही म्हटलं. त्यात कलेचा आग्रह थोडा, तोरा फार. ‘हिच्या रेघेला कंप नाही’ हे लोकांकडून ऐकायची मला वर्षानुवर्षांची चटक.

गणगौरीच्या दुसऱ्या दिवशीची सवारी, बूढी गणगौर, निघाली. छोटी चौपडच्या चौकात उभी राहून मी फक्त नथ पाहिली.

चेहरा विद्यार्थिनीने काढला, एकदाच. नथ मी काढते आहे, ९६ वेळा. नथीला थरथर चालते.