कापसाची वाट

मुंबई-पुण्याकडच्या माणसाला नंदुरबार म्हटले की आधी नकाशा शोधावा लागतो. महाराष्ट्राच्या अगदी वरच्या डाव्या कोपऱ्यात, सातपुड्याच्या पायथ्याशी बोट टेकवा, म्हणजे सापडेल. जिल्हा म्हणून तो तसा धाकटाच. १ जुलै १९९८ रोजी धुळ्यापासून वेगळा झाला. पण त्याच्या अंगावरून गेलेल्या रेल्वेला सव्वाशे वर्षे उलटून गेली आहेत. आणि ही रेल्वे घालणाऱ्यांच्या मनात तुमच्या-माझ्यासारखे उतारू फारसे नव्हतेच. त्यांच्या मनात होता कापूस.

खानदेशच्या काळ्या जमिनीतला कापूस पूर्वी मुंबईला जायचा तो जी. आय. पी. रेल्वेने. म्हणजे मनमाड, इगतपुरी करीत १८६५ साली खुल्या झालेल्या थळ घाटाने खाली उतरायचे. घाटाचा चढ सदतिसास एक! तिथे मालगाडीला मागून जादा इंजिन लावल्याशिवाय गत्यंतर नाही. तापी नदीने मात्र समुद्राकडे जायला आपली स्वतःची सोपी वाट फार पूर्वीच काढून ठेवलेली. व्यापारी माणसाच्या नजरेतून अशी वाट सुटती तरच नवल. मुंबईच्या किलिक निक्सन या पेढीने तापी व्हॅली रेल्वे नावाची कंपनी उभी केली आणि १९०० सालापर्यंत सुरतेपासून अमळनेरपर्यंत रूळ पडले. अंतर सुमारे दीडशे मैल. अमळनेरहून जळगावपर्यंतचा तुकडा जी. आय. पी.चा. विदर्भातल्या ज्या ‘शकुंतले’वर आपल्या वर्तमानपत्रांनी इतके प्रेम केले, तिच्यामागेही हीच किलिक निक्सन होती, पण शकुंतला अडीच फुटांची, अरुंद. मूर्तिजापूरला आली की तिच्यातला कापूस उतरवून मोठ्या गाडीत भरायला हमालांची फौज लागायची. तापीकाठची ही रेल्वे पहिल्यापासून रुंद मापाची. अमळनेरला भरलेला डबा सील न तोडता थेट मुंबईच्या गोदीपर्यंत. कापसाच्या गाठीला आणखी काय हवे?

कंपनीचा कारभारही मोठा सुटसुटीत. मालकी तिची, गाड्या हाकायच्या बी. बी. सी. आय. रेल्वेने. १९४२ मध्ये ही कंपनी बी. बी. सी. आय.मध्ये विलीन झाली आणि १९५१ साली सगळेच पश्चिम रेल्वेत गेले. ‘तापी व्हॅली’ हे नाव जुन्या माणसांच्या तोंडी तेवढे राहिले.

रूळ आले तसा व्यापार आला. अमळनेरला प्रताप मिल उभी राहिली आणि पुढे १९४५ साली तिथेच वनस्पती तुपाचा एक कारखाना निघाला. आज जगभर संगणकाची कामे घेणाऱ्या विप्रोचे ते पाळण्यातले रूप, हे सांगितले तर आमच्या विद्यार्थ्यांना खरे वाटत नाही. नंदुरबारलाही पेठ वाढली. आज गाव मिरचीसाठी प्रसिद्ध आहे. हंगामात गावाबाहेरच्या पथाऱ्यांवर लाल मिरची वाळत पडलेली असते आणि वारा फिरला की परगावचा पाहुणा लगेच ओळखू येतो, कारण शिंका फक्त त्यालाच येतात.

या मार्गावरचे खरे कौतुकाचे स्थानक म्हणजे नवापूर. १ मे १९६० रोजी दोन राज्ये झाली आणि सरहद्द नेमकी फलाटावरून गेली. आठशे मीटरांच्या फलाटाचा तीनशे मीटर भाग आपला, पाचशे मीटर गुजरातचा. तिकिटाची खिडकी महाराष्ट्रात, स्टेशनमास्तर गुजरातेत! एक बाक तर असा, की नवरा-बायको शेजारी बसली तरी दोघे वेगवेगळ्या राज्यांत. घोषणा मराठी, गुजराती, हिंदी आणि इंग्रजी अशा चार भाषांत होतात, आणि त्या संपेतो गाडी येऊन उभीही राहते. मंडळी येथे हौसेने फोटो काढून घेतात. पण तिथल्या माणसाला या रेषेचे अप्रूप नाही, कारण रुळांनी त्याला साठ वर्षे आधीच सुरतेला बांधून टाकले होते. अजूनही नंदुरबारहून सुरत रेल्वेने सुमारे १६० किलोमीटर, सरळ. आणि शेजारचे धुळे, ज्याच्या पोटात हा जिल्हा १९९८ पर्यंत होता? तिथे रेल्वेने जायचे तर जळगाव, चाळीसगाव असा प्रदक्षिणेचा मार्ग. आजारी माणूस असो की नोकरी शोधणारा पोरगा, या भागात पाय आधी पश्चिमेकडे वळतात. राज्याच्या सीमा दिल्लीत ठरल्या. ओढ मात्र कापसाच्या गाठींनी ठरवली.

आता कापसाची जागा कोळशाने घेतली आहे. उधना ते जळगाव हा तीनशे किलोमीटरांचा मार्ग २०१८ मध्ये दुहेरी झाला, वर विजेच्या तारा आल्या. त्याआधी एकेरी रूळ होता तेव्हा समोरून मेल येणार असली की मालगाडी चिंचपाडा-खांडबाऱ्यासारख्या लहान स्थानकावर बाजूच्या रुळावर निमूट उभी राही. आता ती थांबत नाही. छत्तीसगडचा कोळसा घेऊन ती नंदुरबार ओलांडते आणि सोनगडजवळच्या उकाई वीजकेंद्राकडे निघून जाते. पलीकडेच तापीवरचे १९७२ साली पुरे झालेले उकाई धरण. त्याच्या फुगवट्याखाली याच भागातली आदिवासी गावे गेली. बुडाली इकडची जमीन, पाणी आणि वीज झाली तिकडे. कोळशाची गाडी तेवढी मधून धडधडत जाते.

आणि जिल्ह्यातून पश्चिमेला जाते ती माणसे. आपल्याकडे फराळाचे डबे रिकामे होत असतात, त्या सुमारास भिल्ल-पावरा कुटुंबे दक्षिण गुजरातेत ऊसतोडीला निघतात. ट्रक-टेंपोतून जातात, रेल्वेनेही जातात. नंदुरबारच्या फलाटावर मी अशी एक टोळी पाहिली. गोधड्यांची गाठोडी, पातेली, कोयते, एका पोत्यात कोंबड्या, एका बाईच्या कडेवर पोर. एवढ्यात कोळशाची रिकामी गाडी आली. डबे मोजू लागलो, पन्नासाच्या पुढे मोजणे सोडले. टोळीतल्या म्हाताऱ्याला विचारले, “बाबा, परत कधी?”

“होळीले,” तो म्हणाला, आणि गाठोडे उचलून पुढे सरकला. सातपुड्यात काठीची होळी असते. तिला माणूस कुठूनही परततो.